गिन्झामधलं एकत्र कुटुंब

सुलभावहिनी,

ही गोष्ट सांगायची मी चाळीस वर्षं टाळली. हे वाक्य वाचून इथली मंडळी हसतील, कारण तुमच्या जपानी मालिकेची गोष्ट माझ्या तोंडून ऐकली नाही असं सांता क्लारात एकही मराठी घर उरलेलं नाही. ती मी बारशांत सांगितली, डोहाळजेवणांत सांगितली, तुमच्या दिनकरच्या रिटायरमेंट पार्टीत तर माइक मागून घेऊन सांगितली. पण सांगितली ती अर्धी. उरलेली अर्धी टाळली, आणि ती तुमची होती.

मागच्या रविवारी लायब्ररीच्या हॉलमध्ये तुमची शोकसभा झाली. बोलायला उभा राहिलो तर गौरीच म्हणाली, "काका, ती जपानी गोष्ट सांगा ना. आईला आवडायची." तुमच्या लेकीला नाही कसं म्हणू? सांगितली. द्राक्षासवाशी आलो तेव्हा लोक डोळे पुसता पुसता हसत होते. मग गौरीने माइक घेतला आणि म्हणाली, "दॅट वॉज माय आई. सो इनोसंट. तिला शेवटपर्यंत कळलंच नाही की तो बार आहे. शी जस्ट नेव्हर न्यू."

मी खाली येऊन बसलो होतो. तेव्हाच उठायला हवं होतं आणि म्हणायला हवं होतं, गौरी, शी न्यू. गुडघे दुखतात हे खरं, पण उठलो नाही ते गुडघ्यांमुळे नव्हे.

म्हणून आता लिहितोय. तुम्हालाच लिहितोय, पण हे मंडळाच्या अंकात छापून येणार आहे, म्हणजे गौरीही वाचेल. तिला मराठी वाचायला वेळ लागतो. लागू दे.

आठवतं का आपलं ते अपार्टमेंट कॉम्प्लेक्स? तुम्ही आणि दिनकर वर, मी आणि निर्मला खाली. दिनकर आणि मी एकाच कंपनीत चिप्स डिझाइन करायचो. ऐंशीच्या दशकाची सुरुवात होती. फोन महाग, पत्र यायला पंधरा दिवस, आणि टीव्हीवर आपल्यासारखं कुणी दिसायचं नाही. तुमच्या टीव्हीचा तो गोल अँटेना विशिष्ट कोनात फिरवला, आणि दिनकर खिडकीपाशी एक हात वर करून उभा राहिला, की परदेशी भाषांचं एक चॅनल लागायचं. एका शनिवारी संध्याकाळी त्यावर ही मालिका दिसली. खाली इंग्रजी अक्षरं नाहीत, काही नाही. नुसतं जपानी.

पण एक बाई घरी आली आणि तिने दारात चपला काढल्या. तुम्ही ओरडलात, "निर्मला, वर ये! टीव्हीवर चपला काढणारी माणसं आहेत!"

आम्ही धावत वर आलो. खरंच होतं. माणसं चपला काढत होती, जमिनीवर बसत होती, थोरांपुढे वाकत होती, भात खात होती. अमेरिकेत आल्यापासून इतकी घरची वाटणारी माणसं आम्ही पडद्यावर पाहिली नव्हती. त्या दिवसापासून दर शनिवारी तुमच्याकडे बैठक सुरू झाली. आधी आपली दोन घरं, मग सनीवेलहून दोन, मग कुणाचे पाहुणे, आणि पुढच्या बाजूला कार्पेटवर मुलं.

आणि तुम्ही सोफ्याच्या हातावर बसून मराठीत बोलायला लागलात.

तुमच्या सांगण्यानुसार ते टोकियोमधल्या गिन्झा नावाच्या पेठेतलं एक मोठं एकत्र कुटुंब होतं. किमोनोतल्या त्या रुबाबदार वयस्कर बाई म्हणजे सासूबाई. रोज दुपारी केस बांधून घेऊन, नटूनथटून येणाऱ्या सात-आठ तरुण बायका म्हणजे सुना. आणि घराण्याचा लौकिक असा की रोज संध्याकाळी पाहुणे! सूट घातलेले, ऑफिसातून दमून आलेले. सुना त्यांना दारात घ्यायला जात, गरम रुमाल हात पुसायला देत, बाजूला बसून त्यांची रडगाणी ऐकत. भिंतीवर ओळीने बाटल्या होत्या, प्रत्येकीच्या गळ्यात पाहुण्याच्या नावाची चिठ्ठी. त्यावर तुम्ही म्हणालात, "ज्याचं त्याचं द्राक्षासव. वैद्यबुवांनी प्रत्येकाला वेगळं करून दिलंय." एखादा पाहुणा टेबलावर डोकं ठेवून झोपला की, "डोस जास्त झाला मामंजींचा." पाहुणा माइक घेऊन गायला लागला की, "आग्रह केला म्हणून गातायत, आता उठवू नका कुणी." आणि पाहुणे निघाले की सगळ्या सुना रस्त्यावर उभ्या राहून गाडी वळेपर्यंत वाकून नमस्कार करत. तुम्ही सुस्कारा सोडून म्हणायचात, "झालं. आता भांडी."

बायका पोट धरून हसायच्या. त्या "आता भांडी"वर दिनकरसुद्धा मान खाली घालून स्वतःचा कप उचलून आत ठेवून यायचा.

काय एकेक आवाज दिले होतेत तुम्ही! सासूबाई कोल्हापूरच्या, दणकट: "काय गं पोरी, पदर सांभाळ की." मोठी जाऊ, जी दुसरीचे पाहुणे स्वतःच्या टेबलावर ओढायची, ती पुण्याची, नाकातून बोलणारी. निर्मला पुण्याची. तिने आठवडाभर तुमच्याशी अबोला धरला आणि पुढच्या शनिवारी सगळ्यांत आधी येऊन पुढची जागा धरली. धाकटी सून बर्फाळ गावातून आलेली, बुजरी. तिला तुम्ही तुमचा स्वतःचा आवाज दिलात. ती दुपारी एकटी खिडकीत उभी असायची तेव्हा तुम्ही काहीच बोलायचा नाहीत. खोलीतलीही कुणी बोलायची नाही. सगळ्याच जणी कुठल्या ना कुठल्या गावाहून इतक्या लांब आलेल्या होत्या.

आणि मी? मला तुम्ही पाहुण्यांचे आवाज दिलेत. संवाद तीन: "वा!", "पुरे, पुरे" आणि "निघतो आता". मंडळाची नाटकं बसवणारा मी, गणपतीत तीन अंकी ऐतिहासिक नाटक उभं करणारा मी, आणि माझ्या वाट्याला "पुरे, पुरे"! वर तुम्ही चुका काढायचात. "भाऊजी, इतकं जोरात नको. पाहुणा आहे, शाहिस्तेखान नाही."

माझ्या नाटकांत तुम्ही काय करायचात ते इथे लिहायला हवं. तुम्ही विंगेत बसून प्रॉम्प्टिंग करायचात. कधीतरी विसरलेल्या वाक्याच्या जागी नवंच वाक्य पुरवायचात, आणि त्याच वाक्याला टाळी पडायची. ती टाळी मी माझ्या नावावर जमा करत आलो.

माझी आई साताऱ्याहून सहा महिन्यांसाठी आली ती याच दिवसांत. सोवळ्याओवळ्याची, शिस्तीची. मला धास्ती होती की तिला इथे करमणार नाही. दुसऱ्याच शनिवारी ती म्हणाली, "सुलभा, अँटेना नीट लाव. परवा धाकटीला ताप होता, कशी आहे बघू दे." निर्मलाला म्हणायची, "पाहुणचार शिकावा तर या लोकांकडून. आलेल्या माणसाला गरम फडकं देतात हात पुसायला. नाहीतर आपण, पेपर नॅपकिन!" पुढच्या संक्रांतीला निर्मलाने हळदीकुंकवाला गरम रुमाल दिले. वहिनी, आजही आपल्या मंडळात हळदीकुंकवाला गरम रुमाल देतात. नव्या मुली म्हणतात, "इट्स अवर ट्रॅडिशन." त्यांना कोण सांगणार की ही ट्रॅडिशन गिन्झाच्या नाइटक्लबातून आली आहे!

आपला वाद आठवतो ना, किल्ल्यांचा? सासूबाईंच्या कमरेला किल्ल्यांचा जुडगा असायचा. शेवटचे भाग जवळ येत होते आणि त्या थकल्यासारख्या दिसत होत्या. तुम्ही म्हणालात, "किल्ल्या धाकटीला देणार."

मी म्हणालो, "शक्य नाही. मोठी जाऊ आहे ना. घराण्याची रीत असते काही. शिवाय कुठली सासू अंगात जीव असताना किल्ल्या सोडते?"

माझी आई माझ्याकडे बघायला लागली. तुम्ही शांतपणे म्हणालात, "देणार, भाऊजी. मी सांगतेय म्हणून देणार."

"तुम्ही सांगून काय होतंय? जपानमध्ये आधीच शूट झालंय ते."

"बघाच."

त्याच आठवड्यात आमच्या ऑफिसात जपानहून एक टीम आली होती. ओनो नावाच्या इंजिनिअरबरोबर जेवताना मी मोठ्या ऐटीत सांगितलं की आम्ही तुमची कौटुंबिक मालिका बघतो. ते एकत्र कुटुंब, सासूबाई, सुना. ओनोने चॉपस्टिक्स खाली ठेवल्या. मग इतका हसला की शेजारच्या टेबलावरचे लोक वळून बघायला लागले. त्याने सांगितलं, ते घर नाही, नाइटक्लब आहे. सासूबाई म्हणजे क्लबची मालकीण, तिला सगळे ममा म्हणतात. सुना म्हणजे होस्टेस. पुरुषांना व्हिस्की ओतून द्यायची, त्यांचं ऐकून घ्यायचं, हीच त्यांची नोकरी.

शनिवारपर्यंत मला दम धरवेना. मी ते तुम्हाला जिन्यात गाठून हळूच सांगू शकलो असतो. तुम्ही आणि मी मिळून हसलो असतो. पण मला प्रेक्षक हवे होते. कित्येक शनिवार सगळी खोली तुमच्याकडे बघत होती आणि मी कोपऱ्यात "पुरे, पुरे" म्हणत होतो. वहिनी, दुसरं काही कारण नव्हतं. एवढंच होतं.

पडद्यावर धाकटी बाटली उचलत होती. तुम्ही म्हणत होतात, "घ्या मामंजी, तुमचंच आहे, दुसऱ्या कुणाला थेंब दिला नाही."

मी उभा राहिलो. "वहिनी, एक मिनिट. ते द्राक्षासव नाही. व्हिस्की आहे. ते घर नाही, बार आहे. आणि त्या सुना नाहीत, तिथे नोकरीला आहेत. माझ्या जपानी कलीगने सांगितलं."

कार्पेटवरून आवाज आला, "बार? लाइक, अ रिअल बार? कूल!"

आईने चिवड्याची वाटी खाली ठेवली. "सुलभा," ती म्हणाली, "हे तुला ठाऊक होतं? ठाऊक असून पोरांसमोर लावत होतीस?"

सगळे तुमच्याकडे बघायला लागले. तुम्ही आधी माझ्याकडे बघितलंत, क्षणभरच. मग कपाळावर हात मारलात. "अगंबाई! मला मेलीला कुठलं जपानी येतंय, आई! वाकून नमस्कार करतात, गरम रुमाल देतात. मला वाटलं, चांगल्या घरच्या आहेत!"

पहिली हसली ती माझी आई. "अगं, तुझं काय घेऊन बसलीस! मी त्या सासूला मनातल्या मनात रोज नमस्कार करत होते!" आणि मग खोली फुटली. हसून हसून दिनकरला ठसका लागला. प्रसंग निभावला. पण आईने टीव्ही बंद करायला लावला आणि पुढच्या शनिवारपासून आम्ही हाउजी खेळायला लागलो. हळूहळू सनीवेलची मंडळी यायची थांबली. हाउजी त्यांच्याकडेही होती.

त्यानंतरच्या गणपतीत तुम्ही मला म्हणालात, "भाऊजी, या वर्षी मी लिहू का काहीतरी छोटंसं? बायकांचं?" आणि मी कमिटीसमोर म्हणालो, "वहिनी, नाटक म्हणजे द्राक्षासव नव्हे." सगळे हसले. तुम्हीही हसलात. पुन्हा कधी विचारलं नाहीत.

आता ती उरलेली अर्धी बाजू.

तुमच्या मजल्यावर मिचिको नावाच्या बाई राहायच्या. नवऱ्याच्या कंपनीने त्यांना इथे पाठवलं होतं. मुदत संपल्यावर त्या परत निघाल्या तेव्हा त्यांनी घरातलं सामान विकायला काढलं. मी राइस कुकर बघायला गेलो. मी खालच्या मजल्यावरचा हे कळताच त्या खुलल्या आणि मोडक्या इंग्रजीत म्हणाल्या, "सुलभा-सान, व्हेरी गुड स्टोरी! आय टेल हर ट्रू स्टोरी, शी चेंज एव्हरीथिंग!"

मला काही कळेना. मग हळूहळू कळलं. कॉम्प्लेक्सच्या लाँड्री रूममध्ये तुम्ही दोघी दर गुरुवारी भेटायचात. मिचिकोबाईंकडे जपानहून मालिकेच्या कॅसेट्स आलेल्या असायच्या. त्या तुम्हाला भाग आधीच सांगायच्या, खाणाखुणा करून, नाटक करून, ड्रायर थांबेपर्यंत. पहिल्या आठवड्यापासून तुम्हाला माहीत होतं की तो क्लब आहे, ती व्हिस्की आहे, त्या मुली नोकरी करतात. आणि शनिवारपर्यंत तुम्ही त्याचं घर बांधायचात.

"आय आस्क हर, व्हाय फॅमिली?" मिचिकोबाई सांगत होत्या. "शी से, सेम थिंग." पुढचं मी मराठीत लिहितो: "संध्याकाळ झाली की नीट साडी नेसायची, हसून दार उघडायचं, ओतायचं, वाढायचं, ऑफिसची रडगाणी ऐकायची. इन जपान दे गेट सॅलरी!" आणि त्या तोंडावर हात ठेवून हसल्या, अगदी धाकटीसारख्या.

म्हणजे त्या खोलीत अडाणी कोण होतं? मी. तुम्ही बायकांना त्यांचीच गोष्ट सांगत होतात, मुलांना शेजारी बसवून, सासवांना शेजारी बसवून, आणि कुणालाही न दुखवता. मी वीस वर्षं नाटकं केली, मला असं एकही जमलं नाही.

आईने विचारलं त्या क्षणी तुम्ही खरं सांगितलं असतंत तर "ठाऊक असून पोरांना बार दाखवला" असं झालं असतं. म्हणून तुम्ही कपाळावर हात मारलात आणि स्वतःला खुळी ठरवून घेतलंत. खजील व्हायची पाळी खरं तर माझी होती.

मिचिकोबाईंनी आणखी एक सांगितलं. त्यांना तुम्हाला शेवटचा भाग सांगायचा होता. तुम्ही थांबवलंत. म्हणालात, नको. जी गोष्ट मला कुणाला सांगायची नाही, ती ऐकून काय करू?

मी राइस कुकर घेऊन खाली आलो. निर्मलालाही काही बोललो नाही. त्यानंतरही ती गोष्ट मी वर्षानुवर्षं सांगत राहिलो, जुन्या शेवटासकट, कारण हशा हमखास यायचा. तुम्ही समोर बसलेल्या असायचात. एकदा तर म्हणालात, "भाऊजी, गरम रुमालाचं विसरलात. ते आधी घ्या, मग द्राक्षासव. जास्त हसतील." मी तसं करून बघितलं. खरंच जास्त हसले. स्वतःवरचा विनोदसुद्धा तुम्हीच बसवून दिलात.

परवा शोकसभेहून आल्यावर मी निर्मलाला सगळं सांगितलं. ती कुकर घासत होती. म्हणाली, "मला ठाऊक होतं."

"कधीपासून?"

"त्याच दिवसापासून. कपाळावर हात मारला ना वहिनींनी, तेव्हा हाताआडून मला डोळा मारला होता."

"आणि चाळीस वर्षं तू मला ती गोष्ट सांगू दिलीस?"

"काय करणार? सांगताना तुम्ही इतके खूश असायचात! आम्ही दोघी एकमेकींकडे बघून हसायचो. लोकांना वाटायचं, तुमच्या जोकवर हसतोय."

वहिनी, हे ऐकून मला लाज वाटली की आनंद झाला, ते अजून ठरत नाही. बहुधा आनंदच. माझ्या नकळत मी चाळीस वर्षं तुमच्या विनोदी नाटकात मुख्य काम करत होतो. "पुरे, पुरे"हून बराच मोठा रोल.

मागच्या महिन्यात नर्सिंग होममध्ये भेटायला आलो तो सगळं बोलायचं ठरवूनच. मुलाला म्हटलं, तू गाडीत थांब. खोलीत शेजारच्या पेशंटचा टीव्ही आवाज बंद करून चालू होता. केक बनवायची स्पर्धा. मी खुर्ची ओढली, घसा साफ केला, आणि तुम्ही पडद्याकडे बोट दाखवून क्षीण आवाजात म्हणालात, "ती उंच बाई नणंद आहे. मुद्दाम साखर कमी घातली तिने."

मग काय! तुम्ही नणंद, तुम्ही भावजय, परीक्षक मी. एक केक कोसळला तेव्हा तुम्ही म्हणालात, "माहेरचं नाव काढलंन हो!" आणि आपण दोघं असे हसलो की नर्स धावत आली. "एव्हरीथिंग ओके, मिसेस?" तुम्ही म्हणालात, "ओके, ओके. फॅमिली प्रॉब्लेम."

ती गेल्यावर मी म्हणालो, "वहिनी, एक सांगायचं होतं. जुनं आहे."

तुम्ही डोळे मिटले होते. "परीक्षकांनी मध्ये बोलू नये," असं म्हणालात आणि झोप लागली तुम्हाला. मी तुमच्या पांघरुणाची कड सारखी करून निघालो. म्हटलं, पुढच्या शनिवारी.

पुढचा शनिवार आला नाही.

तर आता सांगतो, मध्ये कुणी बोलणार नाही. शेवटचा भाग मी पाहिला होता. त्या शनिवारी हाउजी नव्हती, निर्मला आईला घेऊन देवळात गेली होती. मी एकटाच घरात अँटेना फिरवत बसलो. तुमच्याशिवाय ती मालिका म्हणजे मुंग्या आलेल्या पडद्यावर काहीतरी पुटपुटणाऱ्या बायका होत्या. कोण कुणावर रागावलंय तेही मला समजेना. पण एवढं समजलं. क्लब बंद आहे, खुर्च्या टेबलांवर उलट्या ठेवल्यात. सासूबाई साध्या कपड्यांत आल्या, हातात लहानशी बॅग. मोठी जाऊ पुढे झाली. सासूबाई तिच्या बाजूने पुढे गेल्या, धाकटीसमोर थांबल्या, आणि कमरेचा जुडगा सोडला. धाकटी वाकली ती उठेचना. मग सगळ्या सुना रस्त्यावर आल्या आणि गाडी वळेपर्यंत वाकून उभ्या राहिल्या. त्या रिकाम्या खोलीत मी मोठ्याने म्हणालो, "झालं. आता भांडी." पण ते माझ्या आवाजात बरोबर वाटलं नाही.

किल्ल्या धाकटीलाच दिल्या, वहिनी. तुम्ही सांगितलं होतं तसंच. वाद तुम्ही जिंकला होतात आणि ते मला त्या दिवसापासून ठाऊक होतं. चुकलो. मला माफ करा.